दाजींच्या वाटणीचं 'न्हाई'

आमच्या दाजींनी उभ्या आयुष्यात कुणालाही 'नाही' म्हटलेलं नव्हतं. हे मी कौतुकानं सांगतोय असं समजू नका. निम्मं कौतुक आहे, निम्मा वैताग. गोड बोलून वेळ मारून नेणारी माणसं आपण सगळ्यांनी पाहिलेली असतात, पण दाजींचं तसं नव्हतं. एखाद्याला जशी अक्कलदाढ येतच नाही, तसा त्यांच्या तोंडात तो शब्दच उगवला नव्हता. आणि मी कोण, तर नांदेडच्या एका सरकारी कचेरीतला कारकून. सकाळी टेबलाशी बसलो की साहेब नाहीत, फाइल सापडत नाही, नेट चालत नाही, उद्या या, उद्याही नक्की नाही. या एका शब्दावर माझा संसार उभा आहे. तेव्हा दाजींच्या घरी दोन दिवस राहायचं म्हणजे माझ्या जिवाला काय होत असेल याचा अंदाज तुम्हीच करा. अक्का म्हणायची, "देवानं मला दोघं दिले. एकाला न्हाई म्हणता येत न्हाई, दुसऱ्याला हाव म्हणता येत न्हाई. मधी मी." अक्का म्हणजे माझी थोरली बहीण, दाजींची बायको.

दाजींचं दुकान उदगीरला, किल्ल्याकडं जाणाऱ्या रस्त्यावर. बैलांच्या साजाचं दुकान. घुंगरमाळा, गोंडे, कासरे, वेसणी, कवड्यांचे पट्टे, पाठीवर टाकायच्या आरशांच्या झुली. पुढं दुकान, मागं घर, मधे एक दार आणि दाराला अक्काच्या जुन्या लुगड्याचा पडदा. दाजी पुढं गादीवर बसणार आणि अक्का पडद्यामागं गोंडे वळत बसणार, असा वर्षानुवर्षांचा शिरस्ता. आता तुम्ही म्हणाल, या ट्रॅक्टरच्या जमान्यात बैलांचे गोंडे घेतं कोण. अगदी हेच मी त्यांना दर पोळ्याला विचारायचो. म्हणायचो, दाजी, बैल कमी व्हायला लागलेत. तर ते कपाळावरची विभूती जरा सारखी करून म्हणायचे, "राह्यलेल्यांचा थाट वाढणार की मग." पुढं बैल आणखी कमी झाले, तेव्हा त्यांनी ट्रॅक्टरच्या बोनेटला बांधायचे गोंडे करायला घेतले, आणि गंमत म्हणजे ते खपले. अख्ख्या तालुक्यात ट्रॅक्टर नवरदेवासारखे मिरवायला लागले. मी गप्प बसलो. गप्प बसणं मला जड जातं, म्हणून मुद्दाम सांगतोय.

दुकानात नसलेली वस्तू कुणी मागितली की खरी मजा. कोणताही दुकानदार 'नाही' म्हणून पुढच्या गिऱ्हाइकाकडं वळेल. दाजी गादीवरून उठायचे, चपला घालायचे आणि म्हणायचे, "चला, मिळवू." एकदा एका म्हाताऱ्यानं छत्रीची काडी मागितली. दाजी त्याला घेऊन गेले ते थेट स्टेशनपर्यंत, तिथं कुणी छत्री दुरुस्त करणारा बसतो म्हणून. दुकान सताड उघडं. इकडं घुंगरमाळ घ्यायला आलेली तीन माणसं माझ्या तोंडाकडं बघत बसली आणि मी सवयीनं त्यांना सांगून टाकलं, मालक नाहीत, उद्या या. कर्नाटकातून आलेल्या कानडी गिऱ्हाइकालाही 'इल्ला' म्हणायची सोय नव्हती. कुठल्याच भाषेतला तो शब्द त्यांना चालत नसे.

लाइट गेली की दाजी म्हणत, लाइट येणार हाय. नळाला पाणी आलं नाही की म्हणत, पाणी जवळ आलंय. एकदा आपली क्रिकेटची टीम फायनलला हरली आणि सगळी गल्ली तोंड पाडून बसली, तर हे ओट्यावर येऊन शांतपणे म्हणाले, "आपला दुसरा नंबर आला." माझा मुलगा बारावीला नापास झाला तेव्हा घरात सुतक पडल्यासारखं झालं होतं. दाजींनी फोन करून त्याला सांगितलं, पुढच्या वर्षी तुला सोपं जाणार, सगळं एकदा वाचून झालंय ना. पोरगं त्या दिवशी पहिल्यांदा जेवलं. मी वैतागलो, हे खरं, पण पोरगं जेवलं हेही खरं.

आणि तो फळा! गावातली एक खासगी शाळा बंद पडली तेव्हा तिथलं सामान विकायला काढलं होतं. लोकांनी बाकं नेली, पंखे नेले, दाजींनी फळा आणला. दुकानाच्या खांबाला तो टांगला आणि रोज सकाळी त्यावर सुविचार लिहायला सुरुवात केली. कुठल्या पुस्तकातला किंवा मोबाइलवर आलेला सुविचार त्यांना चालायचा नाही. स्वतः विचार करायचा, मगच लिहायचं. अंघोळ, लिंगपूजा झाली की हातात खडू घेऊन ओट्यावर बसायचे आणि समोरच्या रस्त्याकडं बघत राहायचे. याला ते चिंतन म्हणत. आतून अक्काची हाक यायची, आधी चहा घ्या, मग जगाला शहाणं करा. मग एकदाचं काहीतरी उमटायचं. 'आज जेवढं जमलं तेवढं पुष्कळ झालं.' 'समोरचा माणूस हसायच्या आधी आपण हसावं.' 'काल संपला, त्याची पाठ थोपटा.' माझ्या डोळ्यांदेखत एक हमाल तो शेवटचा सुविचार वाचून थांबला, पोतं खाली ठेवलं, तंबाखू मळली आणि म्हणाला, अण्णाचं बरंय, कालचा दिवस पाठ थोपटायसारखा असतोय त्यांचा. गावात त्यांना सगळे अण्णा म्हणतात. दाजी फक्त मीच.

आता तुमच्या मनात येईल, की 'नाही' न म्हणता माणसाचा संसार चालतो कसा. मुलखातले देणगीवाले, उधारीवाले, विमावाले, दूरचे पाहुणे, कुणालाच नकार नसेल तर घर राहील का? त्याचं साधं उत्तर आहे. दाजींच्या वाटणीचं सगळं 'न्हाई' अक्का म्हणायची. ती त्या घरातली रीतच होती. कुणी काही नको ते मागितलं, की दाजी हसतमुखानं सगळं ऐकून घेत, मान डोलावत, आणि मग पडद्याकडं तोंड करून म्हणत, "अगं, ह्यांना जरा सांग बरं." पडदा बाजूला व्हायचा. हाताला गोंड्यांचा लाल रंग, डोक्यावर पदर, अक्का उंबऱ्यात उभी राहायची, आणि एका शब्दात प्रकरण संपवायची. न्हाई. माणूस चहा पिऊन निघून जायचा. जाताना म्हणायचा, अण्णा देवमाणूस हाय, पण बाई लई कडक. अक्काला हे ऐकू जायचं. तिला त्याचं काहीच वाटायचं नाही. उलट एकदा मला म्हणाली, माझ्या कडकपणावरच ह्यांचं देवपण चालू राहिलंय, ते असू दे. एकदा तर दाजींनी एकाच दिवशी आपली मोटारसायकल तिघांना देऊ केली होती. एकाला मुखेडला लग्नाला जायचं होतं, एकाला दवाखान्यात, एकाला नुसतंच. तिघं एकदम दारात उभे. दाजी तिघांकडं बघून सारखंच हसले आणि पडद्याकडं वळले. अक्कानं दवाखान्यावाल्याला किल्ली दिली, बाकी दोघांना वाटेला लावलं, आणि पुन्हा गोंडे वळायला बसली.

मग अक्का आजारी पडली. मी नांदेडहून रोज फोन करायचो, आणि रोज दाजी सांगायचे, बरी हाय, आज दोन घास जास्ती खाल्ले, आज खिडकीपाशी बसली होती, आज हसली. प्रत्येक गोष्ट खरी असायची बरं का, खोटं ते कधीच बोलले नाहीत. फक्त वाईट तेवढं गाळून उरलेलं सांगायचे. मी आपला निर्धास्त. एके दिवशी फोनवर पलीकडं खुडबूड झाली, दाजींच्या हातातून कुणीतरी फोन घेतला, आणि अक्काचा आवाज आला. आवाज कसला, नुसता श्वास होता. ती म्हणाली, "मी काई आता राहत न्हाई. तू ये." मी मिळेल त्या गाडीनं उदगीर गाठलं. तिची माझी भेट झाली. तिच्या पायांवरून हात फिरवत मी दोन दिवस बसलो, आणि मग ती गेली. तेवढं 'न्हाई'सुद्धा दाजींना म्हणता आलं नसतं, म्हणून तिनंच ते उरकून टाकलं.

आमच्याकडं घरात माणूस गेलं की लोक बसायला येतात. बायका दारातूनच गळा काढतात, घरच्यांच्या गळ्यात पडून रडतात, पुरुष ओट्यावर मान खाली घालून बसतात. त्यानं दुःख कमी होतं असं मी म्हणणार नाही, पण ते वाटलं तरी जातं. दाजींनी ते होऊच दिलं नाही. बाई रडायला लागली की हे म्हणायचे, रडू नका, लई चांगली गेली, सोन्यासारखी गेली, चहा घ्या. जो येईल त्याचीच समजूत हे घालायचे. दारावरून जाणाऱ्यानं विचारलं, काय अण्णा, कसं काय, की उत्तर ठरलेलं. एकदम झकास. फळ्यावर सुविचार सुरूच. अक्काला माती देऊन आलो त्याच्या दुसऱ्या दिवशी सकाळी मी बाहेर येऊन बघतो तर फळ्यावर लिहिलेलं, 'जे मिळालं त्याचे आभार माना.' मला त्या क्षणी तो फळा उचलून रस्त्यावर आपटावा असं वाटलं. माझी बहीण गेली होती हो. मला रडणारा माणूस हवा होता सोबतीला, आणि मिळाला हा.

लोक दहा-बारा दिवस आले आणि मग यायचे थांबले. त्यांचंही काय चुकलं? ज्याचं सगळं झकास चाललंय त्याच्यापाशी थांबून करायचं काय. रस्त्यानं जाणारा विचारायचा, काय अण्णा. हे म्हणायचे, झकास. तो बरं म्हणून पुढं जायचा. दिवसभर असं शंभर माणूस पुढं जायचं. मी पुढच्या खेपेला गेलो तेव्हा संध्याकाळी त्यांच्याशेजारी गादीवर बसून हे पाहिलं. सगळी दुकानं बंद झाली तरी दाजी दुकान बंद करत नव्हते. मागच्या घरात अंधार होता. तिथं जायचं त्यांच्या जिवावर येत होतं, आणि तसं म्हणता येत नव्हतं. मी म्हटलं, चला, आत जाऊ. तर म्हणाले, "बसू की. वारा लई छान सुटलाय." वारा नव्हता.

आणि घरात काय पाहिलं म्हणता! पडद्यामागून 'न्हाई' म्हणणारं कुणी उरलं नव्हतं, हे गावाला केव्हाच कळलं होतं. स्वयंपाकघरात पाणी शुद्ध करायची तीन यंत्रं, तिन्ही वेगवेगळ्या पोरांनी विकलेली, एकही जोडलेलं नाही. ताकद वाढवायच्या पावडरीचे डबे उतरंडीसारखे रचलेले. चार वर्तमानपत्रं यायची, त्यात एक तेलुगू. मधल्या खोलीत एका बँडवाल्यानं आपले ढोल आणून ठेवले होते, लग्नसराई आली की नेतो म्हणून, आणि लग्नसराई येऊन गेली तरी ते तिथंच होते. तीन भजनी मंडळांचे दाजी सभासद होते आणि तिन्ही मंडळं सोमवारीच बसायची. मला हसू आवरेना. म्हटलं, दाजी, हे काय? म्हणाले, भरल्यासारखं वाटतंय घर. मग मी हसायचा थांबलो.

आता खरी गोष्ट. भाचा, म्हणजे अक्काचा मुलगा, पुण्याला असतो. गुणाचा आहे, बापावर जीव आहे त्याचा. बाप एकटा राहतो, कधी जेवतो, कधी नुसते चुरमुरे खाऊन झोपतो, हे त्याला शेजाऱ्यांकडून कळायचं. त्यानं विचारलं, बाबा, पुण्याला येता का कायमचे? दाजी म्हणाले, पुणं तर लई भारी हाय. त्यानं विचारलं, मग दुकान देऊन टाकायचं का? दाजी म्हणाले, चांगलं गिऱ्हाईक आलं तर चांगलंच हाय की. भाच्यानं हा होकार समजला. त्याच्या जागी कुणीही समजलं असतं. तिकडं मोबाइलची कव्हरं विकणाऱ्या एका तरुण दुकानदाराला ती जागा हवीच होती. त्यानं दाजींना परस्पर विचारलं, तर हे त्याला म्हणाले, तुमच्यासारखं हौशी माणूस आलं तर जागेचं नशीबच. तो बिचारा आनंदात टेप घेऊन येऊन भिंती मोजून गेला, आणि दाजींनी टेपचं दुसरं टोक धरलं! बोलणी पक्की करायला पोळ्याच्या दुसऱ्या दिवसाचा मुहूर्त ठरला. भाच्यानं मला फोन केला, मामा, तुम्ही या, तुमच्यासमोर होऊ दे.

मी पोळ्याच्या आदल्या दिवशीच गेलो. दाजींना हे हवंय की नको, तेवढं मला जाणून घ्यायचं होतं. पुण्याच्या दहाव्या मजल्यावर हा माणूस फळा कुठल्या खांबाला टांगणार, आणि सकाळी खडू घेऊन कुणाकडं बघत बसणार, हे मला दिसत होतं. पण मी त्यांच्या वतीनं बोलणार कसा? अक्का बोलायची, कारण ती त्यांना न विचारता ओळखायची. मी तर नुसता मेव्हणा. आणि खरं सांगायचं तर अक्का गेल्यापासून मी मेव्हणा तरी उरलोय का, हेच मला कळेनासं झालं होतं. बहीण गेल्यावर दाजी आपले कोण लागतात, हे कुठल्या कचेरीत विचारायचं?

पोळ्याचा बाजार बरा झाला. बैलवाले आले, त्यापेक्षा जास्त ट्रॅक्टरवाले आले. दाजी पाय रोवून उभे होते, सगळ्यांशी हसत होते. पडद्याशेजारी खिळ्याला एक घुंगरमाळ लटकत होती. अक्कानं ओवायला घेतलेली, अर्धीच झालेली. एका शेतकऱ्याचा नेमका तिच्यावरच डोळा गेला. म्हणाला, अण्णा, ती द्या, तिचा आवाज वेगळा वाटतोय, राहिलेली मी ओवून घेतो. दाजी त्या माळेकडं बघत राहिले. मग दुकानातली सगळ्यात भारी माळ काढली, त्याच्या हातात कोंबली आणि म्हणाले, ही घे, पैसे राहू दे, सणाचं. तो माणूस चक्रावून गेला आणि भारी माळ घेऊन निघून गेला. मी हे पाहिलं. संध्याकाळी बैल मिरवून घराकडं परतायला लागले तेव्हा मी त्यांना सरळच विचारलं. म्हटलं, दाजी, मनापासून सांगा, दुकान द्यायचंय का तुम्हाला? त्यांनी माझ्या पाठीवर हात ठेवला. म्हणाले, पाव्हणं, जे होतंय ते चांगल्यासाठीच होतंय. माझी आशाच खुंटली. नाही म्हणणाऱ्यांचा अख्खा जिल्हा मी हाताळलेला आहे, पण हो म्हणणाऱ्या माणसापुढं माझं काही चालत नाही.

दुसऱ्या दिवशी सकाळी भाचा आला, मोबाइलवाला आपल्या वडिलांना घेऊन आला. पेढे घेऊनच आला होता. सगळे गादीवर बसले. मोबाइलवाला पोरगा उत्साहात सांगत होता, इथं काच लावणार, तिथं लाइटा लावणार, मधलं दार बुजवून टाकणार. दाजी प्रत्येक वाक्याला छान, छान म्हणत होते. त्यांच्या गुडघ्यावरचा हात मात्र मला दिसत होता. धोतराचा सोगा ते सारखे वळत होते, गोंडा वळावा तसा. भाचा म्हणाला, मग बाबा, पक्कं समजायचं ना? सगळ्यांनी दाजींकडं पाहिलं. दाजी हसले. तेच नेहमीचं हसू. आणि मग, जन्मभराच्या सवयीनं, त्यांनी पडद्याकडं तोंड वळवलं.

"अगं, ह्यांना जरा सांग बरं."

माझी नजर पडद्याकडं गेली, भाच्याची गेली, त्या परक्या बापलेकांचीही गेली. मी शपथेवर सांगतो, मला वाटलं तो पडदा बाजूला होईल. दाजी तसेच वळून बसले होते, कान देऊन, वाट बघत. रस्त्यावरून एक रिक्षा गेली. पडदा लोंबतच राहिला. मग दाजींचं हसू हळूहळू उतरलं. इतक्या वर्षांत हसू नसलेला त्यांचा चेहरा मी पाहिलाच नव्हता. तो एका साध्या म्हाताऱ्या माणसाचा चेहरा होता.

"ती न्हाई," दाजी म्हणाले.

पहिल्यांदा ते कुणाला उद्देशून म्हणाले नाहीत. मग भाच्याकडं बघून पुन्हा म्हणाले, "तुझी आई न्हाई रे आता." आणि रडायला लागले. लहान पोरासारखे नाही, बायकांसारखे नाही, कसे ते मला सांगता येणार नाही. कधी न रडलेल्या माणसाला रडायचं कसं हे माहीत नसतं, तसे. भाचा उठून त्यांच्या गळ्यात पडला. मीही रडलो. अक्काला माती दिली त्या दिवशी जे राहिलं होतं ते त्या दिवशी रडलो. मोबाइलवाल्याचे वडील मान खाली घालून बसले, दुखवट्याला आल्यासारखे. बऱ्याच वेळानं दाजींनी उपरण्यानं तोंड पुसलं, मोबाइलवाल्या पोराकडं वळले आणि म्हणाले, "दुकान बी द्यायचं न्हाई. पुण्याला बी जायचं न्हाई. माफ करा." एकदा बांध फुटल्यावर मागची सगळी 'न्हाई' रांगेनं बाहेर पडली. तो पोरगाही भला. म्हणाला, अण्णा, आधीच सांगायचं की. त्याच्या वडिलांनी त्याला डोळ्यांनी गप्प केलं. जाताना पेढ्यांचा पुडा तसाच ठेवून गेले.

दुसऱ्या दिवशी सकाळी दाजींनी चिंतन केलं नाही. खडू घेतला आणि लिहिलं, 'आज दुकान उघडं आहे.' बस. गल्लीत बातमी पसरायला वेळ लागत नाही. अण्णा रडले म्हणे. दुपारपर्यंत शेजारच्या बायका आल्या, दारातूनच गळा काढत, दीड-दोन वर्षांचं साचलेलं घेऊन. या खेपेला दाजींनी त्यांना चहा विचारला नाही. त्या अक्काच्या आठवणी काढून रडत होत्या, काही जणी तिच्या कडकपणाचे किस्से सांगत होत्या, आणि रडता रडता हसत होत्या. दाजी ऐकत बसले. पुरुष ओट्यावर टेकले. दारावरून जाणाऱ्या हमालानं विचारलं, काय अण्णा, कसं काय. दाजी म्हणाले, बरं न्हाई बाबा. त्यानं पोतं खाली ठेवलं आणि शेजारी बसला.

त्यानंतर सगळं बदललं असं समजू नका. भाचा आता महिन्याला येतो, पण घर तेच आहे, संध्याकाळी मागं अंधार असतोच. बैल कमी होतायत. फळ्यावर सुविचार परत सुरू झालेत, जरा वेगळ्या चवीचे. परवा होता, 'रडू आलं तर इथं बसावं, जागा भरपूर आहे.' आणि परक्यांना 'न्हाई' म्हणणं दाजींना अजूनही जमत नाही. त्या एका दिवसात त्यांचा सगळा साठा संपला असावा. त्यामुळं अक्काची नोकरी आता मला लागली आहे. दुकानात कुणी यंत्र विकायला आलं की मला फोन येतो. दाजी म्हणतात, पाव्हणं, ह्यांना जरा सांगा बरं. आणि फोन समोरच्याच्या हातात देतात. मी इकडून नांदेडहून, भरल्या कचेरीतून, सांगतो, नाही. माझ्या या शब्दाचा कुणाला उपयोग होईल असं मला नोकरीत कधी वाटलं नव्हतं. बँडवाल्याचे ढोलही मीच फोनवरून हलवले.

पण कधी कधी फोन येतो तेव्हा पलीकडं कुणी विकायला आलेलं नसतं. काल तसाच आला. मी म्हटलं, बोला दाजी, कुणाला सांगायचंय? ते म्हणाले, "कुणी न्हाई. मलाच करमत न्हाई." मी खुर्ची मागं सरकवून बसलो. तेवढ्यात शिपाई सांगत आला की साहेबांनी आत बोलावलंय. मी फोन कानाचा न काढता त्याच्याकडं बघून मान हलवली. नाही. मग दाजींना म्हटलं, हं, बोला.